ऱ्होडेशियाचे परदेशी ‘मित्र’

पाटीपेन्सिल (धागाकर्ता)

लंडनच्या चेरिंग क्रॉस स्टेशनातून बाहेर पडलं की स्ट्रँडवर थोड्याच अंतरावर ४२९ नंबरची दगडी इमारत लागते. माझं ऑफिस जवळच आहे. डबा खाल्ला की पाय मोकळे करायला मी तिच्यावरूनच जातो. वरच्या खिडक्यांच्या मधेमधे पुतळे उभे आहेत, एकूण अठरा. चार वर्षं माझी समजूत होती की पावसापाण्यानं झिजलेत. मग एकदा मान वर करून नीट पाहिलं. झिजलेले नव्हते, तोडलेले होते. चेहरे नाहीत, हात नाहीत, पोटा-मांड्यांवरून छिन्नी फिरवल्यासारखे सपाट.

हे काम जेकब एपस्टाइन या शिल्पकाराचं. १९०८ साली ब्रिटिश मेडिकल असोसिएशनच्या इमारतीसाठी केलेलं. पुतळे नग्न होते म्हणून तेव्हाच्या वर्तमानपत्रांनी गहजब केला होता. पुढे डॉक्टर मंडळी निघून गेली आणि इमारत सदर्न ऱ्होडेशिया (आफ्रिकेतली ब्रिटिश वसाहत, आजचं झिंबाब्वे) सरकारनं घेतली. १९३७ मध्ये एक तुकडा खाली पडल्याचं निमित्त झालं आणि नव्या मालकांनी जे जे पुढे आलेलं होतं ते ते तोडून टाकलं. इमारतीचं नाव झालं ‘ऱ्होडेशिया हाऊस’. आज तिथे झिंबाब्वेची वकिलात आहे.

यावरून वाचायला लागलो आणि भलत्याच गल्लीत शिरलो.

थोडक्यात पार्श्वभूमी. ११ नोव्हेंबर १९६५ ला ऱ्होडेशियाचा गोरा पंतप्रधान इयान स्मिथ याच्या सरकारनं ब्रिटनला न विचारता स्वातंत्र्य जाहीर केलं. कारण एकच: बहुसंख्याकांच्या हाती सत्ता जाण्याची व्यवस्था झाल्याशिवाय स्वातंत्र्य द्यायला लंडन तयार नव्हतं. गोरे सव्वादोन लाखांच्या आसपास, काळे चाळीस लाखांहून जास्त. जाहीरनाम्याचा साचा अमेरिकेच्या १७७६ च्या जाहीरनाम्याचा, फक्त ‘सर्व माणसं समान’ हे वाक्य तेवढं गाळलं. आणि शेवटी ‘गॉड सेव्ह द क्वीन’! म्हणजे राणी हवी, राणीचं सरकार नको. ब्रिटनचे पंतप्रधान हॅरॉल्ड विल्सन जानेवारी १९६६ मध्ये म्हणाले की निर्बंधांनी हे प्रकरण महिन्यांत नव्हे, आठवड्यांत आटपेल. ते चाललं चौदा वर्षं.

एकाही देशानं रीतसर मान्यता न दिलेलं सरकार चौदा वर्षं टिकलं कसं? दक्षिण आफ्रिका आणि पोर्तुगाल पाठीशी होते, हे तर झालंच. मला बोलायचंय ते तिसऱ्या टेकूबद्दल. लंडन, वॉशिंग्टन, सिडनी इथे बसून या राज्याची वकिली करणाऱ्या मंडळ्या. यातल्या बहुतेकांनी ऱ्होडेशियात एक दिवसही शेती केलेली नव्हती.

सगळ्यात मासलेवाईक माणूस म्हणजे पाचवे लॉर्ड सॅलिसबरी. ‘अँग्लो-ऱ्होडेशियन सोसायटी’चे अध्यक्ष. ऱ्होडेशियाच्या राजधानीचं नाव काय? सॅलिसबरी! ते यांच्या आजोबांवरून पडलं, जे व्हिक्टोरिया राणीचे पंतप्रधान होते. आजोबांच्या नावाचं गाव राखायला नातू निघाला होता असं म्हणायला हरकत नाही. १९६१ साली उत्तर ऱ्होडेशियात आफ्रिकी लोकांना जरा जास्त जागा देऊ पाहणाऱ्या वसाहतमंत्री इयान मॅक्लाउडना याच गृहस्थांनी लॉर्ड्सच्या सभागृहात ‘नको तितका हुशार’ ठरवलं. गोऱ्या वसाहतवाल्यांना पत्त्यांच्या डावातल्यासारखं फसवताय, असा सगळा सूर.

दुसरी संस्था ‘मंडे क्लब’. ब्रिटनचे पंतप्रधान मॅकमिलन यांनी ३ फेब्रुवारी १९६० ला केपटाऊनमध्ये ‘बदलाचे वारे’वालं भाषण केलं (आफ्रिकेतला राष्ट्रवाद आता मान्य करायलाच हवा, असं), त्यानं बिथरलेल्या हुजूर पक्षातल्या तरुणांनी १९६१ च्या सुरुवातीला काढली. सॅलिसबरी इथेही होतेच.

आता ज्यासाठी हा सगळा टंकनखटाटोप केला ते. या लोकांचं लिखाण आणि भाषणं वाचताना मी शिवीगाळ शोधत होतो. ती फारशी सापडत नाही. सापडतात ते शब्द असे: जबाबदार सरकार, दर्जा, ख्रिस्ती संस्कृती, स्थैर्य, साम्यवादाचा धोका, आणि ‘आपल्याच रक्ताची माणसं’. काळ्यांना मत नको असं कुणी म्हणत नाही. ‘अजून’ नको, असं म्हणतात. हा ‘अजून’ ओळखीचा वाटतो का बघा. आपल्या आजोबा-पणजोबांनी तो भरपूर ऐकलाय.

भर घाला. चुकलं असेल तर कान धरा.

टपालपेटी

छान धागा, वाचनखूण साठवली.

माझ्याकडे याचा एक कागदी पुरावा आहे. मामांचा तिकिटसंग्रह माझ्याकडे आला, त्यात ऱ्होडेशियाचं एक पान आहे. ८ डिसेंबर १९६५ चं अडीच शिलिंगाचं तिकीट, वर राजचिन्ह आणि ‘इंडिपेंडन्स’. त्याशेजारी जानेवारी १९६६ ची मालिका: जुनीच तिकिटं, राणीच्या चेहऱ्यासकट, वर काळ्या शाईत ‘इंडिपेंडन्स ११ नोव्हेंबर १९६५’ असा ठप्पा मारलेली. ब्रिटनच्या टपालखात्यानं ही तिकिटं बेकायदा ठरवली होती. म्हणजे सॅलिसबरीहून आत्यानं लिव्हरपूलच्या भाच्याला पत्र पाठवलं तर ते बिनतिकिटाचं धरायचे आणि भाच्याकडून पैसे घ्यायचे. असं दंड लागलेलं पाकीट हे आम्हा लोकांत हौशीनं जमवलं जातं.

माझा अंदाज, चूकही असेल: एखाद्या सामान्य इंग्रज घरात ऱ्होडेशियाबद्दल सहानुभूती भाषणांपेक्षा अशा पाकिटांनी जास्त तयार झाली असणार. आपल्या बहिणीच्या पत्रावर दंड लागला की माणूस चिडतो, मग घटनात्मक मुद्दा जाऊ दे उडत.

तर्कटराव

धागा माहितीपूर्ण पण एकतर्फी. दोन मुद्दे.

१) दबावगट काढणं हा लोकशाहीतला हक्क आहे. वर्णभेदविरोधी मंडळीही लंडनातच होती, मोर्चे काढत होती, ऱ्होडेशिया हाऊससमोर दगडफेकही झाली. त्यांना ‘चळवळ’ म्हणायचं आणि यांना ‘वकिली’?

२) साम्यवादाचा धोका कल्पनेतला नव्हता. स्मिथ सरकारशी लढणाऱ्या काळ्या पुढाऱ्यांपैकी एन्कोमोच्या पक्षाला रशिया शस्त्रं देत होता, मुगाबेच्या पक्षाला चीन. आणि पुढे झिंबाब्वेचं काय झालं ते जगानं पाहिलं. माताबेलेलँडमधल्या कत्तली, २००० नंतरची शेतं बळकावणं, २००८ ची महागाई. ‘अजून नको’ म्हणणारे अगदीच मूर्ख होते का?

बोरू

पॉपकॉर्न घेऊन बसलोय.

पाटीपेन्सिल

@टपालपेटी, त्या पानाचा फोटो टाका ना!

@तर्कटराव, पहिला मुद्दा मान्य. हक्क होताच. मीही त्यांना तुरुंगात टाका म्हणत नाहीये, काय म्हणत होते ते वाचू या म्हणतोय.

दुसऱ्याबद्दल. ‘अजून’ची व्यवस्था कागदावर कशी होती ते बघू. १९६१ च्या घटनेत ६५ जागा. त्यातल्या ५० ‘अ’ यादीच्या, १५ ‘ब’ यादीच्या. कोणत्या यादीत जायचं हे उत्पन्न, मालमत्ता आणि शिक्षण यांवर. रंगाचा उल्लेख नाही! परदेशातले मित्र हाच मुद्दा छातीठोकपणे मांडायचे: आमचा मताधिकार गुणवत्तेवर आहे. आता १९३० च्या जमीनवाटप कायद्यानं अर्धीअधिक चांगली जमीन गोऱ्यांसाठी राखून ठेवलेली. काळ्या माणसाला तिथे विकत घ्यायची सोय नाही. मालमत्ता कुठून आणायची? सरकारी शाळाही वेगळ्या आणि खर्च वेगळा. म्हणजे शिडी दाखवायची, खालच्या पायऱ्या काढून ठेवायच्या आणि वर चढत नाही म्हणून नापास करायचं. मे १९६५ च्या निवडणुकीत ‘अ’ यादीच्या पन्नासच्या पन्नास जागा स्मिथच्या ऱ्होडेशियन फ्रंटला. आणि मार्च १९७६ मध्ये स्मिथ स्वतःच बोलून गेला की बहुसंख्याकांचं राज्य हजार वर्षांतही मला मान्य नाही. तेव्हा ‘अजून’चा हिशोब तिथेच लागला.

मुगाबेचा बचाव मी करणार नाही. पण गारफिल्ड टॉड नावाचा माणूस बघा. न्यूझीलंडहून आलेला मिशनरी, १९५३ ते ५८ सदर्न ऱ्होडेशियाचा पंतप्रधान. काळ्यांच्या बाजूनं जरा जास्त झुकतो म्हणून स्वतःच्याच मंत्र्यांनी त्याला घालवलं. स्मिथनं १९६५ मध्ये त्याला त्याच्या शेतावर वर्षभर स्थानबद्ध केलं, १९७२ मध्ये मुलीसकट अटकेत टाकलं. पुढे २००२ मध्ये मुगाबे सरकारनं त्याचं नागरिकत्व आणि मत काढून घेतलं. तेव्हा तो नव्वदी ओलांडलेला होता. दोन्ही राजवटींना न खपलेला हा माणूस. परदेशातल्या ‘मित्रां’ना तो तेव्हाही आपला वाटला नाही.

चिंचगूळ

अमेरिकेची बाजू मी घेते, इथे वीस वर्षं काढली आहेत. इथला मामला इंग्लंडसारखा नात्यागोत्याचा नव्हता. इथे क्रोम होतं.

पोलाद गंजू नये म्हणून त्यात क्रोमियम घालतात. घरातली स्टीलची ताटं, वाट्या, पातेली त्याचीच. उत्तम क्रोम ऱ्होडेशियात. संयुक्त राष्ट्रांनी आधी १९६६ मध्ये काही वस्तूंवर आणि मे १९६८ मध्ये सरसकट निर्बंध घातले, अमेरिकेनंही ते मान्य केले. मग युनियन कार्बाइड (हो, तीच. भोपाळ अजून पुढे होतं) आणि फूट मिनरल या कंपन्यांनी वॉशिंग्टनमध्ये जोर लावला. मुद्दा असा की ऱ्होडेशियाचं बंद केल्यामुळे आपल्याला क्रोम सोव्हिएत रशियाकडून घ्यावं लागतं; शत्रूकडून घ्यायचं आणि मित्राला उपाशी ठेवायचं? व्हर्जिनियाचे सिनेटर हॅरी बर्ड (धाकटे) यांनी १९७१ मध्ये संरक्षणखरेदीच्या विधेयकाला एक कलम जोडलं. त्यात ऱ्होडेशियाचं नावसुद्धा नाही! एवढंच की युद्धोपयोगी माल साम्यवादी देशाकडून येत असेल तर बिगर-साम्यवादी देशाकडून तो आणायला बंदी करता येणार नाही. काम फत्ते. दक्षिण आफ्रिका आणि पोर्तुगालच्या पंगतीत अमेरिका उघडपणे जाऊन बसली ती १९७७ च्या मार्चपर्यंत, कार्टर येऊन ते कलम रद्द होईपर्यंत.

गंमत म्हणजे तेव्हा सरकारी गोदामांत क्रोम गरजेपेक्षा जास्त पडलेलं होतं आणि सरकारच ते विकायच्या खटपटीत होतं. कलम झाल्यावर कच्च्या खनिजाबरोबर तयार फेरोक्रोमही यायला लागलं, त्यानं इथलेच फेरोक्रोमचे कारखाने गोत्यात आले. पोलाद कामगारांची युनियन त्या कलमाच्या विरोधात होती. मार्च १९७२ मध्ये लुईझियानातल्या बर्नसाइड बंदरावर क्रोमचं जहाज आलं तेव्हा सदर्न युनिव्हर्सिटीच्या काळ्या विद्यार्थ्यांनी गोदी अडवली आणि गोदी कामगारांतले काही जण त्यांच्या बाजूनं उभे राहिले.

हे सगळं चालू असताना वॉशिंग्टनमध्ये ‘ऱ्होडेशियन इन्फर्मेशन ऑफिस’ राजरोस सुरू होतं. मान्यता नसलेल्या सरकारचं कार्यालय! परदेशी हस्तक म्हणून रीतसर नोंदणी केलेली, त्यामुळे कायद्यात बसायचं. प्रमुख केनेथ टाउसी. पत्रकं छापायचे, खासदारांना जेवायला बोलवायचे. ऑक्टोबर १९७८ मध्ये तर सत्तावीस सिनेटरांच्या निमंत्रणावरून खुद्द स्मिथ अमेरिकेत येऊन गेला.

पण मला सगळ्यात चक्रावून टाकणारा माणूस मॅक्स यर्गन. काळा अमेरिकन. तरुणपणी वायएमसीएचा कार्यकर्ता म्हणून १९१६ मध्ये बंगळूरला होता, तिथून पूर्व आफ्रिका, मग दक्षिण आफ्रिकेत पंधराएक वर्षं. तिथे वर्णभेद बघून डावा झाला. परत येऊन गायक-नट पॉल रॉबसनबरोबर आफ्रिकेच्या स्वातंत्र्यासाठी ‘कौन्सिल ऑन आफ्रिकन अफेअर्स’ चालवली. १९४८ मध्ये साथीदारांशी फाटलं आणि गाडी पार उलट्या दिशेला. १९६१ मध्ये काँगोतून फुटलेल्या कटांगाच्या समर्थनाची समिती निघाली, अध्यक्ष यर्गन. १९६५ मध्ये ‘अमेरिकन-आफ्रिकन अफेअर्स असोसिएशन’ निघाली, विल्यम रशर या उजव्या प्रकाशकाबरोबर पुन्हा यर्गन. पडद्यामागची सगळी जुळवाजुळव मार्व्हिन लीबमन नावाच्या प्रसिद्धीतज्ज्ञाची. या संस्था ऱ्होडेशियाबद्दल ‘समजूतदारपणा’ दाखवा म्हणायच्या आणि पत्राच्या माथ्यावर एका काळ्या माणसाचं नाव. त्याला विकला गेलेला म्हणणं सोपं आहे. मला त्याच्याबद्दल वाचताना जास्त करून वाईट वाटलं. ॲलिस, ईस्टर्न केप भागात ज्यांच्यात राहून काम केलं, त्यांच्या देशाबद्दल पुढे त्यानं काय काय म्हटलं!

बोरू

@चिंचगूळ दंडवत. कटांगा म्हणजे आपल्या कॅप्टन सलारियांचं कटांगा ना? ५ डिसेंबर १९६१, एलिझाबेथव्हिल, परमवीरचक्र. म्हणजे न्यूयॉर्कमध्ये ज्यांच्यासाठी समिती निघाली होती त्यांच्याशीच आपले गुरखे लढत होते.

चिंचगूळ

हो, तेच. आणि ती समिती संयुक्त राष्ट्रांच्या त्याच फौजेविरुद्ध वर्तमानपत्रांत जाहिराती देत होती. कटांगाचा नेता मोईज चोंबे काळाच होता, पण खाणी युनियन मिनिएर या बेल्जियन कंपनीच्या आणि लढणाऱ्यांत गोरे भाडोत्री बरेच.

मांडवी

गोव्याहून नमस्कार. पोर्तुगालचा उल्लेख नुसता येऊन जातोय म्हणून लिहितो.

हे तंत्र आम्ही आधी भोगलंय. १९५१ मध्ये पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार यानं घटना बदलून ‘वसाहत’ हा शब्दच पुसला. गोवा, अंगोला, मोझांबिक हे सगळे झाले ‘सागरापारचे प्रांत’. वसाहतच नाही तर स्वातंत्र्य कशाचं मागता? आणि हे खपलंही. डिसेंबर १९५५ मध्ये अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री डलेस यांनी पोर्तुगालचे परराष्ट्रमंत्री कुन्या यांच्याबरोबरच्या संयुक्त पत्रकात ‘पोर्तुगीज प्रांत’ हाच शब्द वापरला, त्यावर दिल्लीत केवढा आगडोंब उसळला होता.

१९६१ मध्ये अंगोलात उठाव झाला आणि पोर्तुगालची जगभर नाचक्की व्हायला लागली. तेव्हा वसाहतींत धंदा असलेल्या कंपन्यांच्या एका संघानं न्यूयॉर्कची ‘सेल्व्हेज अँड ली’ ही प्रसिद्धी कंपनी नेमली. त्यांनी बॉस्टनकडच्या पोर्तुगीज वंशाच्या लोकांची एक समिती उभी करून दिली. दिसायला स्थलांतरितांची उत्स्फूर्त चळवळ, मागे पगारी माणसं. १९६३ मध्ये सिनेटर फुलब्राइटच्या समितीनं परदेशी हस्तकांची चौकशी केली, त्यात हे बाहेर आलं.

दुसऱ्या बाजूलाही गोंयकार होते हं. एप्रिल १९६१ मध्ये कासाब्लांकात पोर्तुगीज वसाहतींतल्या चळवळींची एकत्र परिषद झाली, त्यात अंगोला-गिनीवाल्यांबरोबर गोव्याचे लोक बसले होते. बार्देसचे आक्विनो द ब्रागांसा त्या वर्तुळातले. गोवा सुटलं तरी हा माणूस परत येऊन पेन्शन मागत बसला नाही. फ्रेलिमो या मोझांबिकच्या स्वातंत्र्यचळवळीबरोबर राहिला, पुढे तिथला अध्यक्ष झालेल्या समोरा माशेलचा सल्लागार झाला आणि १९ ऑक्टोबर १९८६ ला माशेलबरोबरच विमान अपघातात गेला. पणजीत दहा जणांना हे नाव विचारा. नऊ जण ‘कोण?’ म्हणतील.

बेळगावी_कुंदा

अवांतर, पण राहवत नाही. ‘टायनी’ रोलंड, लोनऱ्हो कंपनीचा मालक, आफ्रिकेतला बडा खाणउद्योजक, याचा जन्म १९१७ चा आमच्या बेळगावचा! बाप जर्मन, पहिलं महायुद्ध चालू, म्हणून शत्रूदेशाच्या नागरिकांच्या छावणीत ठेवलेलं कुटुंब. सीमाप्रश्नात हा मुद्दा अजून कुणी वापरलेला नाही 😀

विषयाशी संबंध आहे. पोर्तुगीज मोझांबिकच्या बैरा बंदरापासून ऱ्होडेशियाच्या उमतालीपर्यंतची तेलवाहिनी लोनऱ्होची. निर्बंध आले, ब्रिटिश आरमारानं १९६६ पासून बैराबाहेर गस्त घातली, वाहिनी कोरडी पडली. आणि ऱ्होडेशियात मोटारी मात्र धावतायत! तेल येत होतं मोझांबिकच्याच खालच्या लोरेन्सो मार्किश बंदरातून, शेल आणि बीपीचं. बीपीत तर निम्मी मालकी ब्रिटिश सरकारचीच म्हणायला हवी. रोलंडनं या कंपन्यांवर १९७७ मध्ये दावा लावला. १९७८ च्या बिंगम अहवालात (ब्रिटिश सरकारनं नेमलेल्या चौकशीच्या) सगळं छापून आलं. एका बंदरासमोर आरमार उभं करायचं आणि दुसऱ्या बंदरातून आपल्याच कंपनीचं तेल सोडायचं. असले ‘मित्र’ असल्यावर सोसायट्या काढायची गरज काय?

तर्कटराव

हे मात्र पटलं. वकिली करणारे निदान उघड होते.

वाटसरू_सातारा

औंधचा विषय कुणी काढेल म्हणून वाट बघत होतो. कुणी काढला नाही, म्हणून मीच.

आप्पासाहेब पंत. औंधच्या राजांचे चिरंजीव. औंध संस्थानानं जानेवारी १९३९ मध्ये गांधीजींच्या सल्ल्यानं घटना करून कारभार गावपंचायतींच्या हाती दिला, त्या प्रयोगात आप्पासाहेब पुढे होते. दुष्काळी माणदेशातली, अंगठा उठवणारी माणसं. ती राज्य चालवतील का, हा प्रश्न त्यांनाही पुष्कळ शहाण्यांनी विचारला असणार. १९४८ मध्ये नेहरूंनी त्यांना ब्रिटिश पूर्व आफ्रिकेत भारताचे पहिले आयुक्त म्हणून नैरोबीला पाठवलं. तिथले गोरे शेतमालक काय म्हणत होते? हे लोक मताच्या लायकीचे नाहीत, अजून दोन-चार पिढ्या जाऊ देत. ज्यानं आटपाडीकडचे धनगर पंचायत चालवताना पाहिलेत त्याला हे कसं पटायचं! त्यांनी आफ्रिकी पुढाऱ्यांशी मैत्री केली, पोरांना भारतात शिकायला शिष्यवृत्त्या मिळवून दिल्या. मग केनयात ब्रिटिशांविरुद्ध माऊमाऊचा सशस्त्र उठाव झाला. गोऱ्या वसाहतवाल्यांनी ओरड केली की आगीत तेल हा माणूस ओततोय, लंडननं दिल्लीकडे तक्रारी केल्या आणि १९५४ मध्ये त्यांना तिथून हलवावं लागलं. हेच आप्पासाहेब १९६९ ते ७२ लंडनला आपले उच्चायुक्त होते. इंडिया हाऊस ऑल्डविचला, म्हणजे धागाकर्त्याच्या त्या पुतळ्यांपासून चालत दहा-बारा मिनिटं.

केनयाच्या गोऱ्यांची वकिली तर ऱ्होडेशियाच्याही चाळीस वर्षं आधीची. १९२३ मध्ये लॉर्ड डेलामीअर शिष्टमंडळ घेऊन लंडनला गेले. तिकडे भारतीयांना समान मत मिळू नये, ही मागणी. मागे केनयात गव्हर्नरलाच पळवून नेऊन ताबा घ्यायचा कट शिजत होता. आपल्या बाजूनं श्रीनिवास शास्त्री, पुण्याच्या भारत सेवक समाजाचे, गोखल्यांच्या गादीवरचे. गोऱ्यांचा युक्तिवाद ऐका: आम्ही भारतीयांना विरोध करतो तो बिचाऱ्या आफ्रिकी माणसाच्या हितासाठी! सरकारनं तो शब्द धरून ठेवला. जुलै १९२३ च्या डेव्हनशायर श्वेतपत्रिकेत लिहिलं की केनयात आफ्रिकी लोकांचं हित सर्वश्रेष्ठ. वसाहतवाले आपल्याच शब्दात अडकले. अर्थात डोंगराळ सुपीक जमीन गोऱ्यांसाठीच राखीव राहिली, कौन्सिलात गोऱ्यांना ११ जागा, भारतीयांना ५. ‘सर्वश्रेष्ठ’ आफ्रिकी माणसाला एकही मत नाही.

रेल्वेकरीण

@वाटसरू, सुंदर लिहिलंत. पण थोडं कडू बोलते.

माझे आजोबा नैरोबीला रेल्वेत माल-कारकून होते. गोऱ्याला एक पगार, आजोबांना त्याहून कमी, आफ्रिकी माणसाला सगळ्यात कमी. आजोबा पहिल्या फरकाबद्दल जन्मभर बोलले. दुसऱ्याबद्दल मी विचारलं तेव्हा म्हणाले, “त्यांचं वेगळं होतं.” आमच्या घरी कामाला असलेल्या माणसाला सगळे ‘बॉय’ म्हणायचे. त्याला नातवंडं होती. शास्त्री-डेलामीअर सामन्यात आपण आपल्या मताची मागणी केली ती गोऱ्यांच्या बरोबरीची. आफ्रिकी माणसाच्या मताचा विषय तेव्हा आपल्यातल्या फार थोड्यांनी काढला. ‘अजून नाही’ हा शब्द आपल्या ओसरीवरही चालायचा, एवढंच म्हणणं आहे.

वाटसरू_सातारा

नाकारता येत नाही. आप्पासाहेबांना तिथल्या आपल्या व्यापाऱ्यांनाही हेच समजावत बसावं लागलं.

कलम_१९

उशिरा आलो. ऑस्ट्रेलियाचा किस्सा कुणी सांगितला नाही, आणि तो आम्हा वकील लोकांचा लाडका आहे.

सिडनीत ‘ऱ्होडेशियन इन्फर्मेशन सेंटर’ होतं. साधं व्यापारी नाव म्हणून नोंदवलेलं. १९७२ च्या शेवटी व्हिटलमचं मजूर सरकार आलं. त्यांना ते बंद करायचं होतं, पण सरळ कायदा नव्हता. मग १९७३ मध्ये पोस्टमास्टर जनरलनं हुकूम काढला की यांची टपाल आणि टेलिफोन सेवा तोडा. प्रकरण हायकोर्टात गेलं (तिथलं हायकोर्ट म्हणजे आपलं सुप्रीम कोर्ट) आणि कोर्टानं सरकारला हरवलं. तुम्हाला ते लोक आवडत नाहीत म्हणून त्यांची पत्रं अडवायचा अधिकार कायद्यानं पोस्टमास्टरला दिलेला नाही. मला निकाल योग्य वाटतो. केंद्र पुढे काही वर्षं चालू राहिलं, याचं वाईट वाटतं. दोन्ही एकाच वेळी.

@तर्कटराव, तुमच्या पहिल्या मुद्द्याला हे उत्तर समजा.

अर्धाकप

मी पंचविशीतला, मला हे नाव इन्स्टावर कळलं. हिरव्या-पांढऱ्या झेंड्याचे टीशर्ट, जुन्या रायफली, आखूड चड्डीतले सैनिक, खाली ‘सगळ्यात भारी सेना’ वगैरे. विकणारे बहुतेक अमेरिकन. जन्म १९९५ नंतरचे. २०१५ मध्ये चार्ल्सटनच्या चर्चमध्ये नऊ काळ्या माणसांना मारणाऱ्याच्या जॅकेटवर हाच झेंडा होता ना?

चिंचगूळ

होय. दक्षिण आफ्रिकेच्या जुन्या झेंड्याशेजारी शिवलेला. देश १९८० मध्ये संपला, त्यानंतर चौदा वर्षांनी जन्मलेला मुलगा.

या रायफल-प्रेमाचंही मूळ आहे. १९७५ पासून कोलोरॅडोतल्या बोल्डरहून भाडोत्री सैनिकांचं एक मासिक निघायला लागलं, ते ऱ्होडेशियावर भरभरून लिहायचं. तिथे जाऊन लढणारे अमेरिकन शेकड्यांत होते.

आणि दक्षिण आफ्रिकेनं हाच खेळ पैसा ओतून केला. ‘क्लब ऑफ टेन’ नावानं सत्तरच्या दशकात लंडनच्या वर्तमानपत्रांत पानपानभर जाहिराती यायच्या, जणू दहा सज्जन खिशातून खर्च करतायत. पैसा प्रिटोरियाच्या माहिती खात्याचा. १९७८ च्या घोटाळ्यात ते फुटलं. मग १९८६ मध्ये वॉशिंग्टनला ‘इंटरनॅशनल फ्रीडम फाउंडेशन’ निघालं, संस्थापकांत जॅक अब्रामॉफ, जो २००६ मध्ये लाचखोरी प्रकरणात तुरुंगात गेला. १९९५ मध्ये कळलं की मुख्य पैसा दक्षिण आफ्रिकेच्या लष्करी हेरखात्याचा होता. नावात ‘फ्रीडम’!

पाटीपेन्सिल

एक आकडा राहिला होता. डिसेंबर १९६५ मध्ये तेलबंदीवर मतदान झालं तेव्हा हुजूर पक्षाचे ५० खासदार पक्षाचा आदेश न जुमानता विरोधात गेले, ३१ सरकारच्या बाजूनं. नोव्हेंबर १९७८ मध्ये निर्बंध चालू ठेवायला विरोध करणारे ११४. तेरा वर्षांत बाहेरचे मित्र दुपटीहून वाढले, आणि तिथून तेरा महिन्यांत, २१ डिसेंबर १९७९ ला, लंडनच्या लँकेस्टर हाऊसमध्ये कागदावर सह्या होऊन राज्य संपलं. या मित्रांना न विचारताच. सह्या करणारं सरकार हुजूर पक्षाचंच होतं.

काल दुपारी मुद्दाम पुतळ्यांचा फोटो काढायला गेलो, टपालपेटींना कबूल केलं होतं म्हणून. वकिलातीच्या दाराशी एक बाई उभ्या होत्या, हातात प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये कागद, पासपोर्टचं काम असावं. मी वर बघतोय हे बघून त्यांनीही वर बघितलं. “पाऊस,” त्या म्हणाल्या, “इथला पाऊस दगडालाही सोडत नाही.” मी सांगणार होतो. तेवढ्यात आतून कुणीतरी त्यांचं नाव पुकारलं आणि त्या घाईनं आत गेल्या.

टपालपेटी

फोटो दिसत नाहीये, लिंक तपासा. माझ्या पानाचा मी रविवारी टाकतो. दंडाचं पाकीटही सापडलंय, त्यावर पाठवणाऱ्याचा पत्ता आहे, तो झाकून टाकीन.